कॅमेऱ्याला कोर्ट, शाहिराला कोठडी

आसनगावच्या एका वस्तीतील समाजमंदिरात काही वर्षांपूर्वी आम्ही काही शिक्षकांनी आणि कार्यकर्त्यांनी आनंद पटवर्धन यांचा 'जय भीम कॉम्रेड' हा माहितीपट दाखवला. पडदा म्हणून पांढरी चादर बांधली होती. चित्रपट तीन तासांहून मोठा. इकडच्या माणसाला सकाळी अंधारात उठून लोकल पकडायची असते, तरी फारसे कोणी उठून गेले नाही. घाटकोपर हे आमच्या लोकलच्या वाटेवरचेच स्टेशन. रमाबाई नगरात कोणाची बहीण दिलेली, कोणाचा मामा राहणारा. चित्रपट संपल्यावर आम्ही शिकलेली माणसे वर्ग आणि वर्ण यांच्या संबंधांवर बोललो. मग रेल्वेत गँगमन म्हणून जन्म काढलेले एक बाबा उठले आणि म्हणाले, "गुरुजी, एक गाणारा मेला. बाकीचे गाणारे लपले. ज्यानी हा पिक्चर काढला त्याला सरकारनी काय केला?"

मी म्हटले, "बाबा, सरकारने त्याचे पिक्चर अडवले. तो कोर्टात गेला."

"मग?"

"जिंकला."

बाबा थोडा वेळ उभे राहिले. "असाच असते," एवढे म्हणून खाली बसले.

बाबांच्या त्या दोन शब्दांत कोणाविषयी राग नव्हता. अनुभवाचा निष्कर्ष होता. आमच्या दोन तासांच्या चर्चेत जे आले नाही ते त्यांनी सहज सांगितले होते. राज्यसंस्थेची दडपशाही सगळ्यांवर सारखी कोसळत नाही, तिलाही उतरंड आहे. पटवर्धन यांच्या पन्नास वर्षांच्या चित्रपटनिर्मितीचा विचार मी या लेखात याच अंगाने करणार आहे. हा निर्माता राजकीय दडपशाहीतून घडला, हे अनेकांनी सांगितले आहे. त्या दडपशाहीने त्याला काय दिले आणि त्याच्या चित्रपटांत दिसणाऱ्या माणसांकडून काय घेतले, हा प्रश्न मात्र आपण दलित वाचकांनीच विचारला पाहिजे. दुसरे कोणी तो विचारणार नाही.

१

पटवर्धन यांचा जन्म १९५० सालचा, मुंबईचा. त्यांचे काका अच्युतराव पटवर्धन हे १९४२ च्या भूमिगत चळवळीतील मोठे नेते. आपल्या घराण्याची आणि स्वातंत्र्यलढ्याची ही कथा पटवर्धन यांनी २०२३ च्या 'वसुधैव कुटुंबकम्' या चित्रपटात सांगितली आहे. अच्युतराव अखेरपर्यंत ब्रिटिशांच्या हाती लागले नाहीत. त्यांच्या धैर्याविषयी आणि त्यागाविषयी शंका घेण्याचे कारण नाही.

परंतु आम्ही मुरबाड-शहापूरकडची माणसे १९४२ म्हटले की सिद्धगडाकडे पाहतो. माथेरानच्या नाभिक कुटुंबात जन्मलेले विठ्ठल लक्ष्मण कोतवाल, म्हणजे आमचे भाई कोतवाल, वकील झाले, भूमिगत झाले, 'आझाद दस्ता' उभारून त्यांनी विजेचे मनोरे पाडले. २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडच्या जंगलात पोलिसांच्या गोळ्यांनी ते आणि हिराजी पाटील शहीद झाले. लढा तोच होता आणि सरकारही तेच. एका घराला त्यातून कीर्तीचा वारसा मिळाला, दुसऱ्याच्या वाट्याला गडाच्या पायथ्याचे स्मारक आले. हा कोणा व्यक्तीचा दोष नव्हे. माणसाच्या पाठीशी कोणते समाजबळ उभे आहे त्यावर त्याच्या बंडाची किंमत ठरते, एवढेच मला म्हणायचे आहे. पुढच्या विवेचनात हे ध्यानात ठेवावे.

२

पटवर्धन यांचा पहिला महत्त्वाचा चित्रपट 'क्रांती की तरंगें', १९७४ च्या बिहार आंदोलनावरचा. पैसा नव्हता, साधने उसनी, फिल्म मुदत उलटलेली. हौशी लोक वापरतात तसल्या लहान कॅमेऱ्यावरही चित्रण झाले. २५ जून १९७५ च्या रात्री आणीबाणी आली आणि हा चित्रपट जवळ बाळगणे हाच धोका झाला. त्याची प्रत तुकड्यातुकड्यांनी देशाबाहेर गेली, पटवर्धन कॅनडात शिकायला गेले आणि तिथे ते तुकडे पुन्हा जोडले गेले. आणीबाणी उठल्यावर ते परतले आणि १९७८ मध्ये त्यांनी 'जमीर के बंदी' केला.

हा दुसरा चित्रपट मला पहिल्यापेक्षा महत्त्वाचा वाटतो. जनता पक्षाचे राज्य आले होते, आणीबाणीत आत गेलेले पुढारी हार घालून मिरवत होते आणि आता देशात राजकीय कैदी उरले नाहीत असे मध्यमवर्ग मानू लागला होता. पटवर्धन यांनी त्या वेळी दाखवून दिले की तुरुंग २५ जूनला सुरू झाला नव्हता आणि निवडणुकीने तो संपलाही नाही.

आपल्याला तर हे सांगण्याची गरजच नव्हती. १९७२ मध्ये दलित पँथर स्थापन झाली. १९७४ च्या जानेवारीत वरळीच्या चाळींतून दंगल पेटवली गेली, पोलिसांच्या लाठ्या कोणत्या दारांवर पडल्या ते सर्वांना ठाऊक आहे, आणि त्याच महिन्यात निषेध मोर्चावर झालेल्या हल्ल्यात भागवत जाधव मारला गेला. आमची आणीबाणी दीड वर्ष आधी आली होती. पुढे १९७८ मध्ये विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव करताच खेड्याखेड्यांतून घरे जाळली गेली. त्या वेळी आणीबाणी नव्हती आणि 'लोकशाही' परत आलेली होती. पाटण्याच्या मोर्च्यांचे 'क्रांती की तरंगें' झाले, वरळीचे झाले नाही. आपल्यातल्या काही नामवंतांनी आणीबाणीला पाठिंबा दिला, हेही लपवू नये. तो पाठिंबा चूकच होता. पण ज्यांना आधीचे दिवसही स्वातंत्र्याचे वाटले नव्हते त्यांना नंतरचे दिवस वेगळे वाटले नाहीत, हेही त्यामागचे एक कारण होते.

३

चित्रपटाचा निर्माता म्हणजे पैसा घालणारा, असा आपला समज असतो. पटवर्धन यांनी हा शब्द बदलला. त्यांच्या बहुतेक चित्रपटांचे निर्माते, दिग्दर्शक आणि संकलक तेच, कॅमेराही पुष्कळदा त्यांच्याच हाती. मध्ये शेठ नाही. त्यामुळे दबाव आणायला सरकारला दुसरी जागा सापडत नाही. आणीबाणीने त्यांना हे शिकवले असे मी मानतो. थोडक्या साधनांत काम करायचे, प्रत जपायची, थिएटर मिळाले नाही तर वस्तीत, महाविद्यालयात, युनियनच्या कार्यालयात पडदा टांगायचा, ही सगळी रीत भूमिगत काळातली आहे आणि ती त्यांनी आयुष्यभर चालवली. २००४ साली मुंबईच्या सरकारी माहितीपट महोत्सवाने भारतीय चित्रपटांना सेन्सॉरचा दाखला मागितला, तेव्हा माहितीपटवाल्यांनी 'विकल्प' नावाने आपले वेगळे प्रदर्शन भरवले. त्यात पटवर्धन होते.

१९८५ च्या 'हमारा शहर' मध्ये मात्र एक असा क्षण आहे की ज्याने या सगळ्या रीतीलाच प्रश्न केला. मुंबईतील झोपड्या पाडल्या जात आहेत, पटवर्धन चित्रण करीत आहेत, आणि एक बाई कॅमेऱ्याकडे वळून संतापाने विचारते की आमचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमच्यासाठी काय करणार? पटवर्धन यांनी हे दृश्य कापले नाही. सेन्सॉरच्या कात्रीविरुद्ध लढणाऱ्याच्या हातीही एक कात्री असते, आणि ती त्याने स्वतःला वाचवण्यासाठी वापरली नाही, याला मी त्यांच्या कारकिर्दीतील सर्वांत मोठा प्रामाणिकपणा म्हणेन. त्यानंतर झोपडीवासीयांच्या उपोषणात ते बसले. त्या चित्रपटाला मिळालेला राष्ट्रीय पुरस्कार त्यांनी २०१५ मध्ये परत केला.

पण दृश्य ठेवल्याने प्रश्न सुटत नाही. बाईचा प्रश्न चित्रपटाचा भाग झाला, चित्रपटाला प्रतिष्ठा मिळाली, आणि बाई जिथे होती तिथेच राहिली. आमच्या बाबांचा प्रश्न म्हणजे याच बाईचा प्रश्न आहे. तो समाजमंदिरात चादरीच्या पडद्यासमोर पुन्हा विचारला गेला.

४

आता कोर्टाविषयी. 'राम के नाम' १९९२ चा, बाबरी मशीद पाडण्यापूर्वी केलेला. त्याला सेन्सॉरचा दाखला मिळाला, राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तरी दूरदर्शनने तो दाखवायचे नाकारले. न्यायालयाचा आदेश आणावा लागला. 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' १९९५ चा. हा खटला सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि ऑगस्ट २००६ मध्ये दूरदर्शनला तो दाखवण्याचा आदेश झाला. म्हणजे अकरा वर्षे. 'जंग और अमन' २००२ चा, अणुचाचण्यांवरचा. ११ मे १९९८ च्या बुद्धपौर्णिमेला पोखरणला स्फोट करून बुद्धाच्या नावाची जी विटंबना झाली, ती आपण बौद्ध विसरू शकत नाही. या चित्रपटात सेन्सॉरला एकवीस ठिकाणी कात्री लावायची होती. एप्रिल २००३ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो एकाही कटाशिवाय मोकळा केला. दाभोलकर, पानसरे, कलबुर्गी, गौरी लंकेश यांच्या हत्या आणि रोहित वेमुलाचा मृत्यू यांवरचा 'विवेक' २०१८ चा. २०१९ मध्ये केरळच्या महोत्सवात तो दाखवायला केंद्राने परवानगी नाकारली आणि केरळ उच्च न्यायालयाने दिली.

हे विजय लहान नव्हेत. बाबासाहेबांनी घडवलेल्या संविधानातील अभिव्यक्तिस्वातंत्र्य पटवर्धन यांनी फुकटचे भाषण म्हणून वापरले नाही. ते हत्यारासारखे परजून एकेका खटल्यात सिद्ध केले. त्यांच्या निकालांचा आधार पुढे कोणालाही घेता येईल. संविधान जाळण्याची भाषा क्रांतिकारक समजणाऱ्या काही मित्रांनी या खटल्यांचा अभ्यास करावा.

पण या विजयांचे स्वरूपही पाहावे. सरकारने अडवली ती वस्तू. चित्रपट डब्यात अकरा वर्षे पडला तरी तो म्हातारा होत नाही. कोर्टात जायला वेळ लागतो, पैसा लागतो, वकिलांची ओळख लागते, इंग्रजी लागते, आणि पुन्हा पुन्हा हेलपाटे घालताना घरची चूल पेटती राहावी लागते. हे ज्याच्याजवळ आहे त्याच्यासाठी दडपशाही हा खटला असतो. ज्याच्याजवळ नाही त्याच्यासाठी ती कोठडी असते.

५

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. माणसे रस्त्यावर आली, राज्य राखीव पोलिसांनी गोळीबार केला, दहा जण ठार झाले. जमाव टँकर पेटवणार होता, असे नंतर सांगितले गेले. चौकशी आयोगाला गोळीबार समर्थनीय वाटला नाही. गोळीबाराचा हुकूम देणाऱ्या अधिकाऱ्याला २००९ मध्ये सत्र न्यायालयाने जन्मठेप दिली आणि उच्च न्यायालयाकडून त्याला जामीन मिळाला. त्या गोळीबारानंतरच्या आठवड्यातच शाहीर विलास घोगरे यांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत जीवन संपवले. 'हमारा शहर' मध्ये ज्यांचे गाणे ऐकू येते तेच हे शाहीर. ते डाव्या सांस्कृतिक चळवळीत, 'आव्हान नाट्य मंचा'त गात. त्या संघटनेने त्यांना शिस्तीच्या कारणावरून दूर केले होते. जाताना त्यांनी डोक्याला निळा रुमाल बांधला आणि आंबेडकरी ऐक्याचा जयजयकार लिहून ठेवला.

या मृत्यूने पटवर्धन यांना चौदा वर्षे कामाला लावले. 'जय भीम कॉम्रेड' हे त्यांचे आजवरचे सर्वांत मोठे काम आहे असे माझे मत आहे, आणि त्याची लांबी हे त्यामागचे कारण नव्हे. आधीच्या चित्रपटांत दलित माणूस अन्यायाचा बळी किंवा साक्षीदार म्हणून येतो. इथे तो गातो, वाद घालतो, बुद्ध सांगतो, नेत्यांवर चिडतो, हसतो. डाव्यांनी जात समजून घेतली नाही म्हणून घोगरे एकटे पडले, ही टीका चित्रपट डाव्यांच्या घरात बसून करतो. आणि निळ्या झेंड्याखालचे नेते ज्यांच्या राज्यात गोळीबार झाला त्यांच्याच मांडीला मांडी लावून बसले, हेही तो दाखवतो. आपल्यातल्या काहींना ते झोंबले. झोंबायलाच हवे होते.

चित्रपटाच्या शेवटच्या भागात पुण्याचा कबीर कला मंच येतो. २००२ च्या गुजरात दंगलीनंतर उभा राहिलेला तरुण मुलामुलींचा हा संच. शीतल साठेचा आवाज ऐकताना आमच्या समाजमंदिरातल्या बायका पुढे सरकून बसल्या होत्या. चित्रपट पुरा होत असतानाच, २०११ मध्ये, या मंचाच्या कलावंतांवर बेकायदेशीर कृत्ये प्रतिबंधक कायद्याखाली कारवाई झाली. दोघांना अटक झाली, बाकीचे भूमिगत झाले.

आणि येथे सगळ्या विषयाची गाठ आहे. महाराष्ट्र शासनाने 'जय भीम कॉम्रेड' ला पुरस्कार दिला. त्याच शासनाचे पोलीस त्या चित्रपटात गाणाऱ्यांना शोधत होते. चित्रित केलेले गाणे पुरस्कारपात्र ठरले आणि गाणारा गळा आरोपी ठरला. पटवर्धन यांनी पुरस्काराची रक्कम कबीर कला मंचाच्या बचाव समितीला दिली. योग्यच केले. ३१ जानेवारी २०१३ रोजी उच्च न्यायालयाने पहिल्या दोघांना जामीन देताना समाजातील अन्यायावर बोलणे हा पुरावा कसा होऊ शकतो, याविषयी आश्चर्य व्यक्त केले. २ एप्रिल २०१३ रोजी शीतल साठे आणि सचिन माळी विधानभवनासमोर स्वतःहून पुढे आले. शीतल गरोदर होत्या, त्यांना काही महिन्यांत जामीन मिळाला. मूल जन्मले तेव्हा बाप तुरुंगात होता. माळी, सागर गोरखे, रमेश गायचोर यांना सर्वोच्च न्यायालयाकडून जामीन मिळाला तो २०१७ च्या जानेवारीत. ३१ डिसेंबर २०१७ च्या एल्गार परिषदेनंतरच्या खटल्यात गोरखे, गायचोर आणि ज्योती जगताप यांना सप्टेंबर २०२० मध्ये अटक झाली, आणि पुन्हा वर्षे तुरुंगात गेली.

गाणे डब्यात ठेवता येत नाही. ते गाणाऱ्याच्या शरीरात असते. म्हणून ते थांबवायचे तर शरीरच थांबवावे लागते. तमाशावर बंदी आणणाऱ्या मोरारजींच्या काळापासून अण्णाभाऊंच्या कलापथकाने हेच भोगले. ज्या समाजाचे सगळे साहित्य शतकानुशतके गळ्यातच होते, त्याच्यावरची सेन्सॉरशिप गळ्यावरच येणार, हे उघड आहे.

६

पटवर्धन यांच्याविषयी आपल्यात दोन मते ऐकू येतात. एक म्हणते, सवर्णाने आपल्या दुःखाचे चित्रपट काढून जगभर नाव मिळवले, आपल्याला काय मिळाले? दुसरे म्हणते, एवढे करणारा मित्र आहे, त्याची चिकित्सा करणे कृतघ्नपणा आहे. मला दोन्ही मान्य नाहीत. पहिल्या मताने चौदा वर्षांचे काम आणि त्यातला पुरावा फेकून दिला जातो. रमाबाई नगरच्या त्या दिवसाची आणि नंतरच्या साऱ्या काळाची अशी नोंद आपण स्वतः केलेली नाही, हे आधी कबूल करावे. दुसऱ्या मताने आपण पुन्हा ऋणको होतो, आणि बाबासाहेबांनी आपल्याला ऋणको व्हायला शिकवले नाही.

माझे मत असे आहे. पटवर्धन यांनी आपल्या जन्माने मिळालेले बळ लपवले नाही आणि वायाही घालवले नाही. ते त्यांनी कोर्टात उभे केले. मित्राकडून एवढी अपेक्षा पुरेशी आहे. पण मित्राचा कॅमेरा हा शेवटी मित्राचा कॅमेरा असतो. काय घ्यायचे, कुठे थांबायचे, कोणाच्या चेहऱ्यावर शेवट करायचा, हे तो ठरवतो. घोगरे यांची कथा घोगरे सांगत नाहीत. ती सांगायला त्यांना मरावे लागले. या वाक्यात मी कोणावर ठपका ठेवीत नाही. आपल्या चळवळीने पन्नास वर्षांत कवी घडवले, आत्मचरित्रे लिहिली, प्रस्थापित साहित्याला जाब विचारला. निर्माते घडवले नाहीत आणि वकिलांची फळीही उभी केली नाही. कवीच्या मागे निर्माता नसेल तर त्याचे गाणे हरवते. वकील नसेल तर कवीच हरवतो.

आज प्रत्येक तरुणाच्या खिशात कॅमेरा आहे, म्हणून हा प्रश्न सुटला असे कोणी मानू नये. चित्रण करणे सोपे झाले. ते जपणे, त्याची तारीख-वार नोंद ठेवणे, खटल्यात ते पुरावा म्हणून टिकवणे, आणि गाणाऱ्याला उचलले की त्याच रात्री पोलीस ठाण्याच्या दारात वकील उभा करणे, हे काम अजून तसेच आहे. तालुक्यातालुक्यात जयंतीच्या वर्गणीतून कमानी आणि ध्वनिक्षेपक उभे राहतात. त्यातला दहावा हिस्सा या कामाला लागला तरी पुष्कळ होईल.

आमच्या आसनगावात एवढेच झाले की त्या चर्चेनंतर दोन मुलांनी जुन्या भजनी आणि जलशातल्या माणसांची गाणी ध्वनिमुद्रित करायला घेतली. पहिले गाणे त्यांनी त्या गँगमन बाबांकडूनच घेतले. गाऊन झाल्यावर बाबांनी मुलांना विचारले, "हे सरकारनी ऐकला तर मना धरील का?" मुले हसली. मी हसलो नाही. त्या प्रश्नाला 'नाही' असे छातीवर हात ठेवून सांगता येईल, अशी व्यवस्था आपण अजून उभी केलेली नाही.